लिस्बनच्या आधी कानबाई

गेल्या वर्षी नवे बूट घालून मी जळगावच्या मेहरूण तलावाला इतक्या चकरा मारल्या की तिथले रोजचे फिरणारे मला ओळखायला लागले. एका बाईंनी विचारलंही, वजन कमी करायचंय का म्हणून. मी म्हटलं, नाही हो, लिस्बनला चढाव फार आहेत. त्यांनी मान डोलावली. लिस्बन हे सातपुड्यातलं एखादं देवस्थान असावं असा त्यांचा समज झाला असणार, कारण दुसऱ्या दिवशी त्यांनी विचारलं, पायऱ्या किती आहेत?

खरं तर चढावाचा सराव करायला तलावाकाठची सपाट वाट काय कामाची? पण घरात बसवत नव्हतं. चहाचं आधण ठेवायचं आणि पडदे मोजायला जायचं, पडदे अर्धे सोडून कपाट उघडायचं, कपाटासमोर उभं राहून आपण इथं कशाला आलो ते आठवायचं, असा माझा दिवस जायचा. नवरा म्हणायचा, "अगं, बस की जरा. तुझं लिस्बन काही पळून चाललं नाही." त्याला काय सांगणार? मला वाटायचं, पळूनच चाललंय.

मी शाळेत इतिहास शिकवायचे. आमच्या शाळेतला जगाचा नकाशा वर्षानुवर्षं गुंडाळून, उलगडून, पुन्हा गुंडाळून नेमका पोर्तुगालपाशी फाटला होता. युरोपच्या डाव्या टोकाला बोट जाईल एवढं भोक. "दर्यावर्दी इथून निघाले आणि आफ्रिकेला वळसा घालून कालिकतला उतरले," असं सांगताना माझी छडी त्या भोकात घुसायची आणि मुली खिदळायच्या. पुढे शिपाईदादांनी मागून कागद चिकटवून दिला, तोही कोरा पांढरा. मग मी पांढऱ्या ठिगळावर छडी ठेवायला लागले. नोकरीभर ज्या गावाचं नाव घेतलं ते गाव मला ठिगळाएवढंच ठाऊक. निवृत्तीच्या दिवशी शाल मिळाली, नारळ मिळाला, भाषणं झाली. घरी येताना रिक्षात मी ठरवलं की आता त्या भोकात काय आहे ते बघून यायचं.

पुढचं वर्षभर मी त्या शहराचा असा अभ्यास केला, की नोकरीत कुठल्या धड्याचा केला नसेल. नदीकाठचा तो धक्का तर बघायचाच होता, पण वाचत गेले तसं ध्यानात आलं की गलबतं नुसती निघाली नाहीत, माणसं परतही आली, आणि सगळी एकटी आली नाहीत. किल्ल्याखाली मूर लोकांची, म्हणजे आफ्रिकेतून येऊन तिथं राज्य केलेल्या मुसलमानांची, जुनी वस्ती आहे. मूर हरले, तेव्हा त्यांना तिथं राहू दिलं म्हणून त्या मोहल्ल्याला अजून त्यांचंच नाव. आज तिथं बांगलादेशी किराणावाले आहेत, चिनी दुकानं आहेत, आफ्रिकेतून आलेल्या बायका आहेत. दीव सोडून मोझांबिकला गेलेले आणि तिथून उठून लिस्बनला आलेले गुजराती आहेत. एका चौकात, जिथे कधीकाळी ज्यूंची कत्तल झाली, तिथे आता त्यांचं स्मारक आहे, आणि त्या चौकात आफ्रिकी माणसं संध्याकाळी गप्पा मारत बसतात. हे सगळं मला चालत बघायचं होतं. ट्रामही होती, पण चालत.

माझं माहेर फैजपूरचं, त्यामुळे केळीही बघायची होती. त्यांच्या मदेराच्या बेटावरची केळी बोटाएवढी असतात म्हणे. नवरा म्हणाला, "एवढ्या लांब जाऊन तू केळी बघणार? भावाला फोन कर, टेम्पो भरून पाठवेल." तो असं बोलायचा, पण येणार होता. त्याची अट एकच होती. "कानबाई होऊ दे, मग कुठंही चल."

कानबाई आमच्या खानदेशाची. नागपंचमीनंतरच्या रविवारी ती घरोघरी बसते आणि सोमवारी नदीवर जाते. भावकीतली सगळी माणसं त्यासाठी मूळ घरी गोळा होतात. आमचं मूळ घर पारोळ्याच्या पुढे, धुळ्याच्या वाटेवरच्या एका गावात. तिथे माझे थोरले दीर आणि जाऊबाई राहतात, आबा आणि अक्का. पुण्यात, सुरतेत, कुठंही असा, कानबाईला तिथं पोचायचं. ज्यानं वर्षभर भावाशी अबोला धरलाय तोही येऊन त्याच्याच ताटाशेजारी बसतो.

अट काही जड नव्हती. मी स्वयंपाकघरातलं कॅलेंडर बघितलं. त्या वर्षी कानबाई ऑगस्टच्या सुरुवातीलाच होऊन गेली होती. सण दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतात, हे तर मी मुलींना शिकवत आले. म्हणजे पुढच्या वर्षी जुलैतच उरकणार. ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यात निघायचं, कापूस वेचणीला येण्याआधी परत. मी स्वतःवर इतकी खूश होते की तिकिटं काढतानाच शेजारणीला पेढे दिले. तिकिटं स्वस्तातली होती. त्यांची तारीख बदलत नाही आणि पैसे परत मिळत नाहीत.

मग व्हिसा. कागदपत्रं बघणाऱ्या माणसानं सांगितलं की तिथलं सरकार एकच गोष्ट विचारतं, ही माणसं परत कशावरून जातील? परत जाण्याचा पुरावा जोडा. नवऱ्याचं सोपं होतं. सातबारा त्याच्या नावावर, घर त्याच्या नावावर. माझी फाईल त्यानं उलटसुलट केली आणि म्हणाला, "मॅडम, तुमच्या नावावर काय आहे?" मी म्हटलं, पेन्शन. "अजून?" अजून काय असणार? मी म्हटलं, "अहो, माझं सगळं आयुष्य इथं आहे, मी परत न यायला काय झालं?" तो समजुतीनं म्हणाला, "ते खरं, पण त्याचा कागद नसतो." पेन्शनवर भागलं, व्हिसा मिळाला. तरी ते वाक्य तलावाच्या चकरांमध्ये माझ्याबरोबर बरेच दिवस चाललं.

उन्हाळ्यात अधिक महिना आला. अधिकात लेक-जावयाला जेवायला बोलवायचं, पुरण भरलेले धोंडे करायचे, जावयाला वाण द्यायचं, ही आपली रीत. मी सगळं साग्रसंगीत केलं. अक्कांना गावाहून मुद्दाम बोलावून घेतलं होतं, कारण त्यांच्या हातचा धोंडा फुटत नाही. म्हणजे बघा, अधिक महिना माझ्या घरात, माझ्या कढईत तळला जात होता, आणि माझ्या डोक्यात काही पेटत नव्हतं.

जेवणं झाल्यावर लेकीनं मोबाइलवर अक्कांना लिस्बन दाखवलं. उताराचे रस्ते, निळ्या फरशांच्या भिंती, चौकातली माणसं. अक्का चष्मा वर करून बघत होत्या.

"तठे बठ्ठा देशसना लोके ऱ्हातस?"

"हो अक्का, सगळीकडचे."

"मंग भांडतस नही का?"

"पूर्वी फार भांडले. आता कमी."

"आपला गावसारखंच मंग," अक्का म्हणाल्या आणि मोबाइल परत देता देता सहज विचारलं, "पन तुम्हनं इमान त्याच आठवडामा शे ना? औंदा कानबाई उशिरा शे. अधिक पडना ना."

माझ्या हातात वाटी होती, ती मी तशीच घेऊन उभी राहिले. सण दर वर्षी मागे सरकतात आणि तिसऱ्या वर्षी अधिक महिना त्यांना पुन्हा पुढे ढकलतो, हे इथलं शेंबडं पोर सांगेल. मी नवीन कॅलेंडर काढलं. त्या वर्षीची कानबाई रविवारी, आणि आमचं विमान आदल्या दिवशी, शनिवारी. जगाच्या इतिहासातल्या सनावळ्या तोंडपाठ असणाऱ्या बाईनं कपाळावर हात मारून घेतला. जावयानं बिचाऱ्यानं वाणाचं ताट जरा लांब सरकवून ठेवलं.

तेव्हापासून घरात शांतता म्हणून राहिली नाही. नवऱ्यानं फार तमाशा केला नाही, तेच वाईट. तो म्हणाला, "राहू दे मग. पुढल्या वर्षी बघू."

पुढल्या वर्षी! पुढल्या वर्षी त्याचा गुडघा, माझा रक्तदाब, लेकीचं बाळंतपण, काहीतरी निघणारच होतं. आमच्या पिढीच्या बायकांचं पुढलं वर्ष कधी आलेलं मी बघितलेलं नाही. मी म्हटलं, "एक वर्ष तुम्ही कानबाईला नसलात तर काय होईल?"

"माझी मूठ आहे तिथं."

मुठीचं असं आहे. कानबाईचे रोट करायला गहू मोजून घेतात. आमच्या घरात घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ. तेवढेच गहू दळायचे, त्याचेच रोट करायचे, आणि ते घरच्यांनीच खायचे. बाहेरच्याला तुकडासुद्धा द्यायचा नाही. ज्याची मूठ घेतली त्यानं येऊन खायला पाहिजे. कोणी लांब नोकरीवर असेल तर त्याची मूठ सगळ्यांच्या आधी घ्यायची, म्हणजे देवी त्याला सुखरूप घरी आणते. अक्कांचा मुलगा सैन्यात आहे, कायम कुठल्यातरी सरहद्दीवर. त्याची मूठ दर वर्षी पहिली, आणि त्याच्या वाटचा रोट अक्का खातात.

"आणि माझी मूठ?" मी विचारलं.

मला भांडण करायचं नव्हतं. खरंच नव्हतं. तोंडातून गेलं. लग्न होऊन आल्यापासून मी त्या घरात गहू निवडले होते, दळले होते, चुलीपुढे बसून रोट भाजले होते, रात्र रात्र कानबाईची गाणी म्हटली होती. त्यात माझ्या नावाचा एक दाणा नव्हता आणि हे मला त्या दिवसापर्यंत कधी टोचलं नव्हतं. सासूबाईंनी सांगितलं तसं करत आले. व्हिसावाल्याला जो कागद मिळाला नाही तो देवीकडेही नव्हता.

"तशी रीत आहे," नवरा म्हणाला.

"असू दे. मग मी मोकळी. माझ्यावाचून काही अडत नाही. मी एकटी जाते."

बोलून गेले आणि मग माझीच पाचावर धारण बसली. मी एकटी कधी नाशिकच्या पुढे गेलेली नाही. त्यानंतर मी जास्तच भराभर चालायला लागले. तलाव, बाजार, पुन्हा तलाव. बॅग भरायची, उपसायची. ज्वारीच्या बिबड्यांचे पापड घ्यायचे की नाही यावरून मी स्वतःशीच तीनदा वाद घातला. विमानतळावरून मुक्कामाच्या घरापर्यंतचा रस्ता मी संगणकावर इतक्यांदा चालून बघितला की कोपऱ्यावरच्या न्हाव्याचं दुकानही पाठ झालं. आणि तरी जाणार हे मला पटत नव्हतं. कारण नवरा शेवटी एवढंच म्हणाला होता, "जा. मी नाही अडवत. पण अक्कांना तू सांग."

त्यानं नेमकं दुखतं बोट दाबलं होतं. अक्कांच्या गुडघ्यांचं पार पीठ झालंय. कानबाईचं सगळं काम गेली काही वर्षं माझ्या जिवावर चाललंय. त्या नको म्हणाल्या असत्या तर मी गेले नसते. हे मला पक्कं ठाऊक होतं, आणि त्याचाच मला राग येत होता.

नागपंचमी झाली आणि आम्ही गावाला गेलो. मोजणीच्या दिवशी मी तिथं असणारच होते, निदान गहू तरी निवडून देणार होते. बॅग जळगावला भरून ठेवलेली. गाडीत पारोळ्यापर्यंत मी मनात वाक्यं जुळवत होते, पारोळ्याच्या पुढे सगळी विसरले.

घरात चुलत जावा जमल्या होत्या. अक्का पाटावर पाय लांब करून बसल्या होत्या आणि सुपात गहू पाखडत होत्या. मी शेजारी बसून खडे वेचायला लागले. खडे नव्हतेच, तरी वेचत होते. उठले, पाणी प्यायले, पुन्हा बसले. उठले, मागच्या दारी जाऊन आले. तिसऱ्यांदा उठले तेव्हा अक्का म्हणाल्या, "काय व, पायले भिंगरी लागनी का?"

मग मी उभ्याउभ्याच सांगून टाकलं. म्हटलं, अक्का, मी शनिवारी चाललेय. एकटी. हे इथंच राहतील. तिकिटं बदलत नाहीत. चूक माझी आहे, पण मला जायचंय. पुढल्या वर्षी नाही, आत्ताच जायचंय. मला तिथं काही काम नाही, नातेवाईक नाहीत, कुठला नवस नाही. नुसतं बघायचंय.

जावांचे हात थांबले. ओट्यावर आबा पेपर वाचत होते, त्यांच्या पेपराची सळसळ थांबली. अक्कांनी सूप दोनदा झटकलं, फोलपटं उडवली, सूप खाली ठेवलं.

"एकलीच?" त्या म्हणाल्या.

"हो."

"भ्याव नही लागत?"

"लागतं की."

त्यांनी पितळी पातेलं पुढे ओढलं, पदर डोक्यावरून घेतला, देव्हाऱ्याकडे बघून हात जोडले आणि मोजायला सुरुवात केली. मला कळेना की उत्तर मिळालं की नाही. मी भिंतीला टेकून उभी राहिले. मनात म्हटलं, ठीक आहे, बॅग उपसून टाकू, बूट लेकीला देऊ, तिच्या मापाचेच आहेत.

पहिली मूठ अक्कांच्या मुलाची. मूठभर गहू पातेल्यात पडले, मग चिमटीनं वरचा पाव वाटा. अक्का दर वेळी नाव घेतात, तसं त्यांनी मुलाचं नाव घेतलं. दुसरी मूठ आबांची असायला हवी होती. आबा घरातले थोरले, त्यांची मूठ कायम दुसरी. अक्कांनी निवडलेल्या गव्हाच्या पोत्यात हात घातला, मूठ काढली, पातेल्यावर धरली आणि माझं नाव घेतलं.

मला आधी वाटलं, मला हाक मारताहेत. मी "ओ" सुद्धा दिली.

"चूक व्हयनी तुनी," ओट्यावरून आबा म्हणाले. "बाईनी मूठ कसाले?"

"ती बाहेर जाई राह्यनी ना?" अक्का म्हणाल्या. मूठ त्यांनी पातेल्यात सोडली होती. "बाहेर जास त्यानी मूठ पयले घेतस." आणि चिमटीनं वरचा पाव वाटाही टाकला.

रीतच सांगितली होती ती, त्यात आबांना बोट ठेवायला जागा नव्हती. नवरा दारात उभा होता, तो चप्पल काढायच्या निमित्तानं खाली वाकला आणि बराच वेळ वाकलेला राहिला. अक्का माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "तुना वाटाना रोट मी खासू. तू बेफिकीर जाय."

मला रडू फुटलं. आनंदानं फुटलं असं म्हटलं तर ते अर्धंच खरं आहे. इतकी वर्षं मी त्या घरात होते तेव्हा मोजले गेले नाही, आणि उंबऱ्याबाहेर पाय टाकला त्या दिवशी मोजले गेले, याचा मला भयंकर राग आला होता. रडत रडतच मी खाली बसले आणि पोत्याचं तोंड धरलं. अक्का पुढच्या मुठी घेत गेल्या. आबांची, माझ्या नवऱ्याची, पुतण्यांची, चुलत दिरांची, मागच्या महिन्यात जन्मलेल्या तान्ह्या पोराचीसुद्धा. मी मनातल्या मनात एकेक नाव धरत होते. शेवटचं नाव झालं तशी अक्कांनी हात झटकला आणि पातेल्यावर झाकण ठेवलं.

"अक्का," मी म्हटलं, "आणि तुमची?"

अक्कांनी खरोखर नवल वाटल्यासारखं माझ्याकडे पाहिलं.

"मनी कसाले? मी कोठे जास?"

मी पोत्याचं तोंड सोडलं नाही. झाकण काढलं, पोत्यात हात घातला आणि भरून मूठ वर काढली. अक्कांनी माझं मनगट धरलं. कामानं घट्ट झालेला हात, सोडवता येत नव्हता. सगळ्या जावा बघत होत्या, ओट्यावर पेपर अजून गप्प होता. मग अक्कांची बोटं हळूहळू सैल झाली, आणि मी त्यांचं नाव घेतलं.